डावीकडून

इथे जेवण अर्धंच वाढतात, मी तक्रार केली.
मार्केट्टाने काही न बोलता ताट फिरवलं,
आणि बटाटे, मासा, शेपूची एक काडी
कुठूनसे उगवले.

तेव्हा कळलं, जगाची डावी बाजू
माझ्यापुरती रद्द झालीय.
मेंदूत उजवीकडे एक शीर फुटली म्हणे,
जानेवारीत, दारातला बर्फ ओढताना.
तेव्हापासून दाढी अर्धी,
घड्याळात फक्त बारा ते सहा.
पांघरुणात कुणाचा तरी थंड हात सापडतो,
मी नर्सला सांगतो, हा उचलून न्या.

एकतीस वर्षं कोटका बंदरात क्रेन चालवली मी.
चाळीस टनांचा डबा
अंड्यासारखा ठेवायचो जहाजाच्या पोटात,
वाऱ्यातसुद्धा.
आणि आता ही पोर म्हणते, "ताउनो, चिंध्या फाडा."

हेल्वीने पिशवी भरून दिली होती:
माझी निळी डांगरी, गुडघ्याला तेल मुरलेली,
स्वयंपाकघरातले पडदे,
मुलाची जुनी चादर, तिच्यावर रॉकेटं.
डांगरी दातांत धरून टराटरा फाडली.
बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

माग पलंगाएवढा रुंद.
उजव्या हाताने धोटा फेकायचा
उभ्या धाग्यांच्या बोगद्यातून.
तो जायचा. कुठे जायचा?
जिथे काही नाही, तिथे.
फणी ठोकावी, पावडी बदलावी,
तोवर धोटा परत हातात.

मी विचारलं नाही.
क्रेनवाल्याला सवय असते:
आपण वर बसायचं,
खाली हुक कोण अडकवतं, साखळी कोण सोडवतं,
वरून टोपी दिसते फक्त, पिवळी.
पाळी संपवून उतरावं, तर तो गेलेला असतो.

असे तीन आठवडे.
वीतभर, मग हातभर.
निळं, पडदा, निळं, रॉकेटचं शेपूट.

एका मंगळवारी धोटा आला नाही.

वाट पाहिली. फणी उगाच ठोकली.
मग मार्केट्टा रोज सांगायची तशी मान वळवली,
गंजलेला नट फिरवावा तशी,
मागाच्या खांबापर्यंत, आणखी,
जिथे मान म्हणते पुरे, तिथून पुढे.

एक बाई बसली होती.
माझ्याच बाकावर, कोपराला कोपर लागेल इतकी जवळ.
राखाडी केस, पिवळा लोकरी स्वेटर,
उजवा हात मांडीवर,
बसमध्ये विसरलेल्या हातमोज्यासारखा.
डाव्या हातात माझा धोटा.
त्यावरची चिंधी संपली होती,
आणि ती एका हाताने, दातांनी,
नवी गुंडाळत होती.

"तुम्ही कधी आलात?" मी.
"उद्या," ती म्हणाली.

तेवढाच शब्द उरलाय तिच्याकडे,
मार्केट्टाने नंतर सांगितलं.
ओर्वोक्की. शाळेत चारशे मुलांचं रांधायची.
झटक्यात बाकीचे शब्द गेले.
भूक लागली, उद्या. खिडकी लावा, उद्या.
राग आला की तेच, मोठ्याने.

"म्हणजे तीन आठवडे तुम्हीच..."
तिने भुवई उचलली,
जणू कुणी पोरगं चौथ्यांदा वाढून मागतंय.
मग तिचं बोट माझ्या डाव्या गालाकडे,
तिथल्या त्या वाढलेल्या जंगलाकडे.
"उद्या," ती म्हणाली,
आणि हे मात्र मला बरोबर कळलं.

जूनमध्ये सतरंजी मागावरून उतरली.
माझा काठ लाटेसारखा फुगलेला, तिचा सरळ.
हेल्वीने ती समुद्राच्या धक्क्यावर नेली,
सगळी बायामाणसं तिथे सतरंज्या धुतात तशी
ब्रशने घासली, कठड्यावर वाळत टाकली.
मी मान वळवत वळवत बघत गेलो,
निळं, पडदा, निळं,
तिच्या काठापर्यंत पोचायला बराच वेळ लागला.

तो थंड हात रात्री अजून सापडतो पांघरुणात.
कुणाला हाक मारत नाही.
जरा सरकून त्याला जागा देतो.